पोचेल तेवढा कागद

प्रिय मित्रा,

तुझं पत्र वाचून आधी हसूच आलं. सकाळी रंगवतोस, दुपारी साचे ओततोस, संध्याकाळी रिकाम्या खोलीत अंग वळवत बसतोस, आणि लोक म्हणतात, एक काहीतरी धर. लोकांचं काय घेऊन बसलास! आधी रेबेका हॉर्नचं काम नीट बघ, मग बोलू.

ही जर्मन कलाकार बाई, जन्म 1944चा, 2024मध्ये गेली. तरुणपणी पॉलिएस्टर आणि फायबरग्लासची शिल्पं करायची, तीही तोंडाला काही न बांधता. धोक्याची कल्पनाच नव्हती. फुप्फुसांत विष भिनलं आणि बराच काळ सॅनिटोरियममध्ये काढावा लागला. अंथरुणात पडल्यापडल्या काय जमणार? रंगीत पेन्सिली आणि सुईदोरा. मग अंगावर बांधायच्या वस्तूंची चित्रं काढणं आणि त्या शिवणं सुरू झालं.

1972चे तिचे लांब बोटांचे हातमोजे माझे सर्वांत लाडके. कापड आणि हलकं लाकूड, प्रत्येक बोट इतकं लांब की ताठ उभं राहूनही जमिनीला टेकावं. त्यांनी वस्तू चाचपता येते, उचलता येते, आणि तरी आपण तिच्यापासून दूरच. आजाऱ्याला फारसं कुणी शिवत नाही, पण त्याला मात्र शिवावंसं वाटतं. ते हातमोजे बघताना मला हेच दिसतं. (हा माझा अर्थ हं, तिच्या नावावर खपवू नकोस.) पुढे खोलीच्या रुंदीला पुरतील अशी बोटं करून ती दोन्ही भिंती एकदम खरवडत चालली.

1972चाच पेन्सिलींचा मुखवटा घे. चेहऱ्यावर पट्ट्यांची जाळी आणि जिथे पट्ट्या एकमेकींना छेदतात तिथे बाहेर रोखलेली एकेक पेन्सिल. भिंतीशी तोंड नेऊन मान इकडून तिकडे हलवत राहायचं, की भिंतीवर रेघांचं रान उठतं. आता सांग, हे चित्र, शिल्प की परफॉर्मन्स? तिला हा प्रश्न पडला असेल असं मला वाटत नाही. माप शरीराचं असलं की माध्यमं आपसूक एका रांगेत येतात. म्हातारपणी काढलेल्या मोठ्या चित्रांतही कागद तिच्या उंचीइतका आणि हात पोचतील तेवढाच रुंद.

सगळंच आवडतं असं नाही. मधल्या काळात तिनं यंत्रं केली. 1990मध्ये छताला उलटा पियानो टांगला. तो मधूनच खडाडून आपल्या पट्ट्या बाहेर फेकतो आणि मग सावकाश मिटतो. दचकायला होतं, मजाही येते, पण तिथं माणसाचं अंग नसल्याची मला चुटपुट लागते. तू म्हणशील, पियानोच अंग आहे. म्हण. भांडू.

तुझ्या त्या खांद्यापासून सुटलेल्या हाताच्या रेखाटनाचं काय झालं? ते साच्यात घालण्याआधी एकदा स्वतःच्या खांद्याला बांधून चाल. वजन कुठे खेचतं ते कागदावर कळायचं नाही.

आणि हो, साच्यात रेझिन, म्हणजे ते घट्ट होणारं रसायन, ओतताना रुमाल चालणार नाही. वाफांसाठीचा फिल्टरचा मास्क आण, खिडक्या उघड्या ठेव. आणलास की कळव, नाहीतर मीच येऊन तुझ्या तोंडाला बांधेन.

तुझाच

ता. क. मुखवट्याचा फोटो पाठवतोय. पेन्सिली मोजत बसू नकोस, मान कशी हलली असेल ते बघ.