न धावलेल्या तीन चाचण्यांबद्दल आभार

आदरणीय मॅडम,
स. न. वि. वि.

टॅपच्या (सॉफ्टवेअर-चाचण्यांचे निकाल साध्या ओळींत लिहिण्याच्या रीतीच्या) नोंदी जेयुनिटच्या एक्सएमएलमध्ये (तेच निकाल खुणांच्या चौकटीत मांडणाऱ्या फाइलीत) बदलणाऱ्या, आपल्या लायब्ररीतील (तयार कोडच्या संचातील) दोन फाइली आमच्याकडे आता रुळल्या आहेत. ओळखदेख नसताना आपण आठ दिवस माझ्या मेलना उत्तरे दिलीत, त्याबद्दल खाजगीत आभार मानले होतेच. परंतु माझ्यासारखीच चूक इतरही करत असतील, म्हणून हे पत्र उघडपणे लिहीत आहे.

आमच्या जुन्या चाचण्या पर्ल या प्रोग्रॅमिंग भाषेत आहेत. पर्लसोबत १९८७ पासून चालत आलेली टॅपची रीत साधी आहे : '१..४०' अशी योजनेची (किती चाचण्या ठरल्या आहेत हे सांगणारी) एक ओळ आणि त्यानंतर प्रत्येक चाचणीमागे 'ओके' किंवा 'नॉट ओके'. आमच्या जेन्किन्सवर (चाचण्या आपोआप चालवून निकाल दाखवणाऱ्या सर्व्हरवर) मात्र सगळे निकाल जेयुनिटच्या एक्सएमएलमध्येच घेतले जातात, त्यामुळे मी शंभरेक ओळींचा एक कन्व्हर्टर लिहून तो पाइपने (एका कमांडचे आउटपुट पुढच्या कमांडला देणाऱ्या जोडणीने) जोडून दिला होता आणि, खरे सांगायचे तर, त्यावर खूशही होतो.

आपण मूळ नोंद मागवलीत आणि पहिल्याच उत्तरात विचारलेत, "ठरल्या होत्या चाळीस, ओळी आहेत सदतीस. उरलेल्या तीन कुठे गेल्या?" सदतिसाव्या चाचणीनंतर डेटाबेसचे कनेक्शन तुटून स्क्रिप्ट मध्येच बंद पडत होती. शेल (कमांड चालवणारा प्रोग्रॅम) सहसा पाइपमधल्या शेवटच्या कमांडचाच एक्झिट कोड (यश-अपयश सांगणारा अंक) धरते, त्यामुळे स्क्रिप्टचे मरण कन्व्हर्टरच्या यशाखाली झाकले जात होते. आणि कन्व्हर्टर योजनेची ओळ सोडून देऊन, आलेल्या सदतीस ओळींचा हिरवागार रिपोर्ट बनवत होता. पंधरा दिवस आम्ही तो रिपोर्ट पाहून निर्धास्तपणे घरी जात होतो. जेयुनिटच्या एक्सएमएलमध्ये योजनेला स्वतंत्र जागा नाही, म्हणून न आलेल्या प्रत्येक क्रमांकासाठी एक टेस्टकेस (एका चाचणीची नोंद) तयार करून त्यात 'एरर' लिहिण्याची तोड आपण सुचवलीत. मी तेथे 'फेल्युअर' लिहायला निघालो होतो. अपेक्षित उत्तर न आल्यास फेल्युअर आणि चाचणी उत्तरापर्यंत पोहोचलीच नाही तर एरर, हा फरक मी वाचलेला होता, पण तो कशासाठी आहे हे त्या दिवशी कळले.

दुसरी अडचण निघाली तीही माझ्याच अज्ञानातून. एका चाचणीच्या संदेशात टर्मिनलवर लाल रंग उमटवणारे एस्केप अक्षर होते आणि त्यामुळे अख्खी फाइल वाचली जात नव्हती. मजकूर सीडेटामध्ये (एक्सएमएलमध्ये मजकूर जसाच्या तसा ठेवण्याच्या वेष्टनात) गुंडाळला की काहीही चालते, अशी माझी समजूत होती. एक्सएमएल १.० मध्ये ते अक्षर मुळात निषिद्धच आहे, सीडेटातही चालत नाही आणि अंकी संकेत (अक्षराऐवजी त्याचा क्रमांक) म्हणूनही चालत नाही, हे आपण न चिडता दोनदा समजावलेत. वेळेचेही तसेच : टॅपच्या साध्या ओळीत वेळ नसतो, मी सर्वत्र शून्य भरले होते, आपण तो रकानाच काढून टाकायला लावलात.

'टूडू' (काम अजून व्हायचे आहे) अशी खूण असलेली 'नॉट ओके' ओळ 'स्किप्ड'मध्ये टाकण्याबाबत मात्र मी अजून साशंक आहे. ती चाचणी धावलेली असते, वगळलेली नसते. निदान कारणाच्या जागी 'टूडू' हा शब्द राहील एवढे आपण मान्य केलेत, त्याबद्दल वेगळे आभार.

आपण मागितलेल्या तीन नोंदी, सर्व्हरची नावे पुसून, लायब्ररीच्या चाचण्यांसाठी मेलने धाडल्या आहेत. सदतीस ओळींची ती नोंद त्यात पहिली आहे.

कळावे, लोभ असावा.

आपला नम्र,
पुण्यातील एक टेस्टर