द्वारपालांचे पाय फरशीखाली गाडू नका

मा. संपादक,
स. न. वि. वि.

शबरीमलाच्या द्वारपालांच्या बातम्या गेले काही दिवस वाचतो आहे. मूर्तींवरचे सोन्याने मढवलेले पत्रे २०१९ साली दुरुस्तीला काढले, परत आले तेव्हा वजन सुमारे साडेचार किलोने कमी भरले. अखेर २०२५ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने विशेष तपास पथक नेमले. सोन्याचे निदान वजन तरी करता येते. आमच्या गावच्या द्वारपालांवर सोने नाही, त्यामुळे त्यांचे काय होते आहे इकडे कुणाचे लक्ष नाही.

मी महादेवाचा गुरव. देऊळ काळ्या दगडाचे, जुने; लोक हेमाडपंती म्हणतात. अंबरनाथच्या शिवमंदिरासारखाच आमचाही गाभारा पायऱ्या उतरून खाली आहे. दाराच्या दोन्ही शाखांच्या, म्हणजे चौकटीच्या उभ्या बाजूंच्या, तळाशी हातभर उंचीचे दोन द्वारपाल कोरलेले आहेत. चार हात, त्रिशूळ, डमरू, कमरेत किंचित वाकलेले. डावीकडच्याचा एक हात मी पाहतो तेव्हापासून तुटलेला आहे. उजवीकडच्याच्या पायाची बोटे लोकांनी हात लावून लावून इतकी गुळगुळीत झाली आहेत की पावसाळ्यात ती ओली आहेत की कोरडी, ते नुसते पाहून कळत नाही.

वडिलांनी मला पूजा शिकवली तेव्हा पहिल्या अक्षता पिंडीवर वाहायच्या नाहीत, दाराशी वाहायच्या, हे आधी शिकवले. एकाला नंदी म्हणायचे, दुसऱ्याला महाकाल. त्यांची परवानगी घेऊन मग उंबरा ओलांडायचा. विष्णूच्या दारी जय-विजय असतात हे कीर्तनातून सगळ्यांना ठाऊक आहे. कोल्हापूरला अंबाबाईच्या देवळातही ते आहेत. शंकराच्या दारीही कुणी उभे असते हे मात्र रोज येणाऱ्यांनाही सांगावे लागते.

माझ्या आईचे गुडघे गेल्यावर तिला गाभाऱ्यात उतरता येईना. शेवटची सहा वर्षे ती दारातच बसायची, उजव्या द्वारपालाच्या पायांवर बेलाचे एक पान ठेवायची आणि तिथेच डोके टेकायची. ‘माझा निरोप हा आत पोचवतो,’ म्हणायची. अशा आणखीही म्हाताऱ्या बायका आजही येतात.

आता जीर्णोद्धार निघाला आहे. अभिषेकाचे पाणी साचते, फरशी निसरडी झाली आहे, लोक पडतात. तक्रार खरी आहे, मीच ती समितीपुढे मांडली होती. पण उपाय काय ठरला? जुन्या फरशीवर काँक्रीट ओतून वर ग्रॅनाइट बसवायचे. जमीन वीतभर वर येईल. हातभर उंचीच्या मूर्तीचे वीतभर गेले तर राहिले काय? घोटेच नव्हे, पोटऱ्यासुद्धा गाडल्या जातील आणि आईने डोके टेकलेली जागा कायमची बुजेल. शिवाय वीस वर्षांपूर्वी दिलेला ऑइल पेंट ग्राइंडरने घासून काढायचा आणि पुन्हा नवा द्यायचा, असेही ठरले आहे. पेंटखाली ओल अडकून दगडाचे पोपडे सुटतात, हे मी रोज हाताने पाहतो. ग्राइंडर फिरला तर रंगाबरोबर नाक-डोळेही जातील.

रामेश्वरच्या यात्रेत आम्ही तंजावरला उतरलो होतो. तिथल्या बृहदीश्वराच्या देवळात तंजावरच्या भोसले घराण्यातल्या सरफोजीराजांनी १८०३ साली कोरून घेतलेला मराठी शिलालेख पाहून ऊर भरून आला. पण मी जास्त वेळ उभा राहिलो तो द्वारपालापुढे. त्याच्या गदेशी एक साप हत्ती गिळतो आहे. वाटाड्याने समजावले, हत्ती केवढा ते तुम्हाला माहीत आहे. त्याला गिळणारा साप केवढा, सापाला पायाशी ठेवणारा हा केवढा, आणि हा बोटाने आत दाखवतो आहे तो महादेव केवढा, ते तुम्हीच ओळखा. घारापुरीलाही लिंगाच्या गाभाऱ्याच्या चारही दारांना दोन-दोन असे आठ द्वारपाल उभे आहेत. बहुतेक भंगलेले, तरी माणसे त्यांच्यापुढे आपोआप हळू बोलतात. आमचे दोघे त्यांच्या गुडघ्याएवढेही नसतील. काम तेच करतात.

आमचे देऊळ ना केंद्राच्या यादीत, ना राज्य संरक्षित स्मारकांत. अशी देवळे गावोगाव आहेत आणि तिथे वर्गणी जमेल तसे काम होते. माणसे वाईट नाहीत, श्रद्धेनेच करतात. त्यांना कुणी सांगत नाही, एवढेच. जुन्या फरश्यांवर खडूने आकडे घालून त्या एकेक उचलाव्यात, खाली पाण्याला उतार द्यावा आणि चुन्यात त्याच पातळीवर पुन्हा बसवाव्यात. आमच्या इथला जुना गवंडी हे करायला तयार आहे. पेंट मात्र पुरातत्त्व खात्याच्या रसायनतज्ज्ञाला विचारल्याशिवाय कुणीही काढू नये. खात्याने एवढे दोन पानी मराठीत छापून प्रत्येक ग्रामपंचायतीला पाठवले तरी पुष्कळ देवळे वाचतील.

गावाचे नाव मुद्दाम लिहिलेले नाही. समितीतली माणसे माझीच आहेत. पत्ता सोबतच्या वेगळ्या कागदावर आहे. काम कार्तिकी पौर्णिमेनंतर सुरू व्हायचे आहे. त्याआधी एखाद्या जाणकाराने येऊन समितीशी बोलावे. सकाळी सहा ते नऊ मी देवळातच असतो.

आपला,
एक गुरव, सातारा जिल्हा