तुझ्या मालिकेतल्या सासूसाठी आणि आजीसाठी

चि. सईस,
अनेक आशीर्वाद.

मालिकेच्या लेखनाचं काम मिळालंय म्हणालीस, तेव्हापासून हे तुझ्या कानावर घालायचं होतं. फोनवर तू घाईत असतेस, म्हणून लिहितेय. तुमच्या कथेत एक सासू आहे, एक आजी आहे. त्या दोघींना वाऱ्यावर सोडू नकोस.

आमच्या तरुणपणी बाईनं चाळिशी ओलांडली की पडद्यावर दोनच जागा उरायच्या: देवापुढे रडणारी आई, नाहीतर कमरेला किल्ल्यांचा जुडगा लावून सुनेला छळणारी सासू. रोहिणी हट्टंगडींचंच बघ. १९८४ साली 'सारांश' आला तेव्हा त्या तिशीच्या आसपास होत्या आणि वाट्याला आली ती मुलगा गमावलेली म्हातारी. १९९० च्या 'अग्निपथ'मध्ये तर त्या अमिताभची आई झाल्या, वयानं त्याच्याहून लहान असून! काम सोन्यासारखं केलं त्यांनी, पण तो नायक आणि ही आई, हा हिशेब मला कधीच पटला नाही.

त्याच रोहिणीताई २०२३ मध्ये 'बाईपण भारी देवा'त बहिणींबरोबर मंगळागौरीच्या स्पर्धेत उतरल्या. आमची अख्खी भिशी थिएटरात होती. गुडघ्याला पट्टा बांधून आलेल्या शेजारच्या वहिनी खुर्चीच्या दांड्याला धरून उठल्या आणि गाणं संपेपर्यंत बसल्याच नाहीत.

त्याआधी २०१९ मध्ये 'अग्गंबाई सासूबाई' आली. मुलाचे नखरे झेलणाऱ्या विधवा आसावरीचं पुन्हा लग्न झालं आणि घराघरात त्यावर वाद झडले. निवेदिता सराफांनी तिची भीड फार सुंदर दाखवली. ती मालिका मला मनापासून आवडली. तरी एक खुपलंच: आसावरीच्या सुखासाठी पुढाकार घ्यायला सूनच लागली. म्हाताऱ्या बाईला काही हवं असेल तर धाकट्यांनी ते ओळखायचं आणि मिळवून द्यायचं, हे आता पुरे झालं गं.

तुझ्या आजीला काय हवंय ते आधी ठरव, संवाद मागाहून लिही. तिचं पासबुक तिच्याच कपाटात असू दे. नातवाला सांभाळायला तिनं एखाद्या दिवशी नाही म्हटलं, तर तेवढ्यासाठी तिला खलनायिका करू नकोस. आणि रात्री झोपताना तिला भरजरी साडी नेसवू नका, साधा गाऊन घाला. चॅनेलवाले म्हणतील म्हाताऱ्यांच्या गोष्टी कोण बघतं. 'बाईपण'ला बायकांची झुंबड उडाली होती ती सांग त्यांना, बिनधास्त सांग.

पहिला भाग कधी लागतो ते कळव.

तुझी,
आई