अभ्यासक्रमात मुलांच्या प्रश्नांना तासिका द्या

मा. संपादक,
स.न.वि.वि.

राज्याचा अभ्यासक्रम सध्या बदलतोय, २०२५-२६ ला पहिलीपासून सुरुवात झाली आणि पुढच्या इयत्ता टप्प्याटप्प्यानं येतायत. या विषयावर पेपरात जे काही येतं ते मी आवर्जून वाचते, पण सगळी चर्चा तिसरी भाषा कोणती, सीबीएसई पॅटर्न म्हणजे नक्की काय, सुट्ट्या कमी होणार का, एवढ्याभोवतीच फिरतेय. शाळेत काय शिकवायचं हे ठरवताना ती मुलं राहतात कुठे, त्यांचे आईबाप काय काम करतात, त्यांना स्वतःला काय प्रश्न पडतात, हे कोणी विचारात घेणार आहे का, यावर कुणी बोलताना दिसत नाही. मी बीड जिल्ह्यात जिल्हा परिषदेच्या शाळेवर शिक्षिका आहे, म्हणून हे पत्र.

आमच्याकडची बरीच मुलं ऊसतोड कामगारांची. दिवाळी झाली की टोळ्या निघतात, काही मुलं आजीआजोबांकडे नाहीतर हंगामी वसतिगृहात राहतात, बाकीची आईबापासोबत फडावर जातात, आणि नेमकं तेव्हाच दुसरं सत्र चालू असतं. पण वार्षिक नियोजन, घटक नियोजन, दैनिक टाचण, सगळं काही पोरगं जून ते एप्रिल रोज वर्गात बसलेलं आहे असं धरूनच केलेलं असतं. मार्च-एप्रिलमध्ये परत आलेलं मूल थेट संकलित चाचणीला बसतं आणि ते मागे पडलं अशी नोंद होते. मागे पडलं ते नियोजन, पण नोंद मुलाच्या नावावर.

चौथीला भागाकार शिकवताना पुस्तकातली उदाहरणं संपली तेव्हा मी मुलांना म्हटलं, घरून उचलीचा हिशोब विचारून या. बाहेरच्या वाचकांसाठी सांगते, उचल म्हणजे हंगामाआधी टोळी जमवणारा मुकादम नवराबायकोच्या जोडीला, म्हणजे एका कोयत्याला, जी आगाऊ रक्कम देतो ती, मग टनाच्या भावानं काम करून ती फेडायची आणि एखादा दिवस काम चुकलं तर खाडा म्हणून पैसे कापले जातात. मुलांनी टनाचा भाव आणला, दिवसाला किती टन तुटतो ते आणलं, खाड्याचा दंड किती तेही आणलं, आणि आम्ही ते सगळं फळ्यावर मांडलं की किती टन तोडल्यावर उचल फिटेल आणि त्याला किती दिवस लागतील. एका मुलीनं विचारलं, बाई, आई बाळंत झाली तेव्हाचे दिवस पण खाडाच धरले का? दुसऱ्यानं लगेच विचारलं, हा टनाचा भाव ठरवतं कोण? मला माहीत होतं ते सांगितलं, की साखर संघ आणि कामगार संघटना यांच्यात बोलणी होतात, करार होतो, मग पोरं म्हणाली मुकादम त्यात कुठे असतो, आणि तो तास संपला तरी कुणी उठेना. भागाकार त्या आठवड्यात जसा पक्का झाला तसा संत्री-पेरूंच्या उदाहरणांनी कधी झाला नव्हता.

पुढे तपासणीला आलेल्या साहेबांनी टाचणवही बघितली आणि विचारलं, हे कोणत्या अध्ययन निष्पत्तीत, म्हणजे मुलाला काय यायला हवं याच्या ठरलेल्या यादीत, बसतं? निष्पत्ती मी लिहिलेली होती, भागाकाराचीच होती, तरी पुस्तकाबाहेर जाऊ नका असा शेरा पडला. माझा त्यांच्यावर राग नाही, त्यांना पण रकाने भरून वर पाठवायचे असतात. पण ज्या गोष्टीला रकाना नाही ती शाळेत टिकत नाही, आणि रकाने कोणते असतील हे अभ्यासक्रम आखतानाच ठरतं, म्हणून आत्ताच बोलायला हवं.

मी वर्गात जे केलं त्याला क्रिटिकल पेडॅगॉजी म्हणतात, मराठीत चिकित्सक शिक्षणशास्त्र, म्हणजे मुलांच्या जगण्यातूनच शिकवायचं आणि त्यावर प्रश्न विचारू द्यायचे. हा शब्द ऐकला की लोकांना वाटतं काहीतरी परदेशी, चळवळीतलं, शाळेत राजकारण आणणारं. याचा मोठा माणूस ब्राझीलचा पावलो फ्रेरे. १९६३ मध्ये ब्राझीलच्या ईशान्येला अंजिकोस नावाच्या गावात त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सुमारे ३०० मोठ्या माणसांना ४० तासांत लिहावाचायला शिकवलं, आणि शिकवायला शब्द निवडले ते आधी त्या लोकांत मिसळून, त्यांच्या बोलण्यातले, कामातले. त्या काळी ब्राझीलमध्ये निरक्षर माणसाला मतदान करता येत नव्हतं, तो हक्क १९८५ मध्ये मिळाला, म्हणजे वाचता येणं ही तिथे किती मोठी गोष्ट होती बघा. १९६४ ला लष्करानं सत्ता घेतली, फ्रेरेंना तुरुंगात टाकलं आणि मग त्यांना देश सोडावा लागला.

इथपर्यंत बऱ्याच जणांना माहीत असतं, डीएडला चार ओळी असतात. पण अभ्यासक्रम आखणाऱ्यांनी पाहायला हवं ते पुढचं. १९८९ मध्ये फ्रेरे साओ पावलो शहराचे शिक्षण सचिव झाले, आपल्याकडच्या महापालिका शाळांसारख्या शेकडो शाळा त्यांच्या हाताखाली होत्या. आता हातात सत्ता आहे तर वरून एक नवं पुस्तक काढायचं, असं त्यांनी केलं नाही. सुरुवातीला फक्त दहा शाळा घेतल्या, आणि भाग घ्यायचा की नाही हे शाळेनं ठरवायचं. शिक्षकांनी वस्तीत फिरायचं, पालकांशी, मुलांशी बोलायचं, त्यातून त्या भागाचा कळीचा विषय काढायचा, मग गणित, भाषा, विज्ञान, भूगोल या प्रत्येक विषयातून त्याच्याकडे कसं जाता येईल हे सगळ्यांनी एकत्र बसून ठरवायचं, आणि शेवटी मुलांनी ते वापरून बघायचं. अडचणी आल्याच, शिक्षकांचं काम वाढलं, गणितवाल्यांना आपला विषय ओढूनताणून बसवल्यासारखा वाटला, आणि १९९३ मध्ये महापौर बदलल्यावर ते बंदही पडलं. या अडचणी खऱ्या आहेत, आपल्याकडेही येतील, पण त्यांना वेळ आणि माणसं देऊन उत्तर शोधता येतं.

आणि हे परदेशी आहे म्हणणाऱ्यांनी महात्मा फुल्यांचं १८८२ चं हंटर कमिशनपुढचं, म्हणजे इंग्रज सरकारच्या शिक्षण आयोगापुढचं, निवेदन एकदा तरी वाचावं. खेड्यातल्या मुलांना काय शिकवायचं याची यादीच त्यात आहे, मोडी आणि बाळबोध वाचन-लेखन, हिशेब, थोडा इतिहास-भूगोल-व्याकरण, शेतीची प्राथमिक माहिती, आरोग्य, नीती. खेड्यातलं शिक्षण शहरापेक्षा थोडं कमी असलं तरी व्यवहारात कमी उपयोगाचं नसावं असं ते म्हणतात, आणि शिक्षक शेतकरी समाजातून यावेत, नांगर धरायची लाज नसलेले असावेत, हेही म्हणतात. त्याच्या आधी १८५५ मध्ये त्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवे या मातंग समाजातल्या मुलीनं मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला आणि तो ज्ञानोदयमध्ये छापून आला, त्यात ती थेट विचारते की आमचा धर्म कोणता. शाळेत थोडीच वर्षं शिकलेली पोर असं लिहिते याचा अर्थ तिच्या शाळेत स्वतःच्या जगण्याविषयी बोलायला बंदी नव्हती. आपल्याकडे हे इतकं जुनं आहे.

कागदावर आपण हे मान्यही केलंय. प्रा. यशपाल यांच्या समितीच्या राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखडा २००५ मध्ये क्रिटिकल पेडॅगॉजीवर स्वतंत्र मजकूर आहे. शिक्षण हक्क कायद्याच्या कलम २९ मध्ये मुलाला भीतीपासून मुक्त ठेवायचं आणि मत मोकळेपणी मांडता आलं पाहिजे असं लिहिलंय. पण वर्गापर्यंत येताना त्याचं काय होतं ते सांगते. २०१५ नंतर आपल्याकडे ज्ञानरचनावादाची, म्हणजे मुलानं स्वतः करून बघत शिकायचं या विचाराची, लाट आली, फरश्या रंगल्या, भिंती बोलक्या झाल्या, बऱ्याच शाळांत खरोखर चांगलं काम झालं, पण बाकी ठिकाणी रंग राहिला आणि प्रश्न विचारायची सवय काही लागली नाही. नंतर २०२३ ला पुस्तकातच 'माझी नोंद' म्हणून कोरी पानं आली. मला फार आनंद झाला होता. त्या पानांवर मुलं स्वतःचं लिहू शकली असती, पण दप्तराचं ओझं कमी करायचा उपाय म्हणूनच ती आली, त्यांचं काय करायचं यावर शिक्षकांशी धड बोलणंच झालं नाही, बऱ्याच ठिकाणी फळ्यावरची उत्तरं त्यात उतरवून घेतली गेली आणि दोन वर्षांत ती पानं गेली सुद्धा.

पालक मला विचारतात, बाई आधी पोराला वाचता येऊ द्या, प्रश्न नंतर. त्यांचं बरोबर आहे, चौथीत वाचता न येणारं मूल मलाही झोपू देत नाही. पण हे दोन वेगळे तास नाहीतच, फ्रेरेंनी वाचायलाच शिकवलं होतं आणि माझ्या वर्गात भागाकारच झाला होता. मुलाला आपल्या घरची गोष्ट वर्गात चालते हे कळलं की ते लिहायला धजतं, हे मी रोज बघते. राजकारणाचं म्हणाल तर मी कुणा पक्षाचं नाव वर्गात घेत नाही आणि कुणी घेऊ पण नये. टनाचा भाव कोण ठरवतं हे विचारणं राजकारण असेल तर मग पंचायत राज हा धडा तरी कशाला शिकवायचा.

अभ्यासक्रमाचं काम करणाऱ्यांना माझी कळकळीची विनंती आहे, प्रत्येक इयत्तेत आठवड्याच्या काही तासिका परिसरातल्या विषयासाठी मोकळ्या ठेवा, आणि घटक नियोजनाच्या तक्त्यात त्याचा रकाना छापूनच द्या, म्हणजे तपासणीला आलेला माणूस त्याबद्दल विचारेल. विषय वरून पाठवू नका, जूनमध्ये शाळा व्यवस्थापन समितीच्या बैठकीत पालक आणि मुलांना विचारून ठरू द्या. कोकणात मासेमारी निघेल, भिवंडीत यंत्रमाग निघेल, आमच्याकडे ऊस. त्यासाठी आम्हाला एकत्र बसायला वेळ लागेल, दर महिन्याची केंद्राची, म्हणजे आसपासच्या शाळांच्या गटाची, शिक्षण परिषद आहेच, तिथला सूचना आणि माहिती भरण्याचा कार्यक्रम कमी करून तो वेळ द्या.

आणि स्थलांतर होणाऱ्या तालुक्यांना दुसऱ्या सत्राचं नियोजन वेगळं करायची लेखी परवानगी द्या. मुलं कधी जातात, कधी येतात हे गावातल्या प्रत्येकाला माहीत असतं, पहिल्या सत्रात काय उरकायचं, फडावर जाणाऱ्या मुलासोबत काय द्यायचं आणि परत आल्यावर कुठून सुरू करायचं हे आम्ही शिक्षक ठरवू शकतो. दिवाळीच्या आत याचं परिपत्रक निघालं तर या हंगामाला सुद्धा उपयोग होईल.

आपली,
एक प्राथमिक शिक्षिका, जि. बीड