बाबांच्या क्लॅरनेटसाठी

ती. आई-बाबा,
सा. न. वि. वि.

बाबा, इथे जर्मनीत आला होतात तेव्हा रविवारी रात्री सव्वाआठला टीव्हीवर पोलिसांच्या मालिकेची जी धून लागायची आणि तुम्ही टेबलावर ठेका धरायचात, ती जर्मन संगीतकार क्लाउस डोल्डिंगर यांची. ऑक्टोबर २०२५ मध्ये ते गेले, वयाच्या ८९ व्या वर्षी. तेव्हापासून तुम्हाला सविस्तर लिहायचं मनात होतं. फोनवर विषय लगेच गुडघ्यांवर जातो.

जन्म १९३६ चा, बर्लिनचा. युद्ध संपताना घरचे व्हिएन्नाहून बव्हेरियात आले, तिथे अमेरिकन सैनिकांमुळे कानावर जॅझ पडला. पुढे ड्युसेलडॉर्फला पियानो आणि क्लॅरनेट शिकले. हो, तुमचंच वाद्य! नाव मात्र झालं सॅक्सोफोनवर.

ती मालिका, 'टाटोर्ट', १९७० पासून चालू आहे. धून जेमतेम अर्ध्या मिनिटाची. आधी दोन डोळे, त्यांवर नेम धरणारी वर्तुळं, मग ओल्या जमिनीवर धावणारे पाय, आणि मागे ड्रम्स सुसाट. ते वाजवलेत उडो लिंडेनबर्गने, जो नंतर जर्मन रॉकमधला फार मोठा गायक झाला. पन्नासहून जास्त वर्षांत किती इन्स्पेक्टर आले-गेले, धून तीच राहिली.

१९८१ मध्ये त्यांनी 'दास बोट' या पाणबुडीवरच्या सिनेमाला संगीत दिलं. त्या संथ, जड सुरांत खोल पाण्याचा दाब जाणवतो. दहा वर्षांनी त्याच धुनेवर नाचायचं गाणं निघालं आणि तेही जर्मनीत पहिल्या क्रमांकावर गेलं! १९८४ च्या 'नेव्हरएन्डिंग स्टोरी'चं संगीतही त्यांचंच. परदेशी आवृत्तीत जॉर्जियो मोरोडर यांचं इलेक्ट्रॉनिक संगीत घातलं. मला मूळ जर्मन आवृत्तीच आवडते.

पण मला सगळ्यात मोठं वाटतं ते हे, की सिनेमात एवढं नाव झालं तरी त्यांनी स्टेज सोडलं नाही. १९७१ मध्ये काढलेल्या 'पासपोर्ट' या बँडबरोबर ते ऐंशी उलटल्यावरही सॅक्सोफोन वाजवत होते. बाबा, पोलीस बँडातून रिटायर झाल्यापासून तुमच्या क्लॅरनेटची पेटी कपाटावर पडून आहे. 'आता या वयात कशाला' हे मला अजिबात पटत नाही.

कुरियरने क्लॅरनेटच्या तोंडाशी लावायच्या नव्या पट्ट्या, म्हणजे रीड, पाठवतेय, जुन्या तडकल्या असतील. भोकं झाकणारे पॅड एकदा दुकानात दाखवून घ्या. आणि आई, पहिले काही दिवस त्यांच्याकडून नुसते लांब सूर काढून घे, गाणी नंतर.

तुमची,
मनू