एचआयव्हीचा वंशवृक्ष दहावीत हवा

महोदय,

‘माणूस माकडापासून झाला’ हे वाक्य अजूनही सर्रास ऐकू येते. वंशवृक्ष, म्हणजे कोण कोणाचा किती जवळचा नातलग हे फांद्यांतून दाखवणारी आकृती, वाचता आला तर ते टिकत नाही. चिंपांझी आपला पूर्वज नव्हे, भावकीतला. दोघांचा समान पूर्वज साधारण 60 ते 70 लाख वर्षांपूर्वीचा.

मला मात्र मुलांना एचआयव्हीचा वृक्ष दाखवावासा वाटतो. एचआयव्ही-1 आणि एचआयव्ही-2 दोन्ही माणसाला होतात, तरी जनुकक्रम जुळवले की ते एका फांदीवर येतच नाहीत. पहिला चिंपांझींच्या विषाणूंशेजारी बसतो, दुसरा पश्चिम आफ्रिकेतल्या सूटी मँगाबी माकडांच्या. म्हणजे माणसात शिरकाव वेगवेगळा झाला. विषाणूच्या जनुकांत बदल साधारण ठरावीक वेगाने साठत जातात; म्हणून काँगोमधील किन्शासा शहरातल्या 1959 आणि 1960 च्या विषाणू-नमुन्यांतील फरक मोजल्यावर एचआयव्ही-1 च्या मुख्य, जगभर पसरलेल्या गटाचे मूळ विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या आसपास गेले. 1950 च्या दशकातल्या पोलिओ लशीतून एड्स आला, हा दावा तिथेच कोसळतो.

केंद्रीय पाठ्यपुस्तके तयार करणाऱ्या एनसीईआरटीने दहावीतून उत्क्रांती वगळली, याचे फार वाईट वाटते. अकरावीला विज्ञान न घेणाऱ्या मुलांना ती पुन्हा भेटणारच नाही. आपल्या राज्य मंडळाने तरी हा धडा ठेवावा, आणि त्यात मुलांकडून असा एक वृक्ष काढून घ्यावा.

– एक जीवशास्त्र शिक्षिका, सातारा