सुहास, शपथपत्र खरं भर

प्रिय सुहास,

काल फोनवर तू म्हणालास, "नोकरीच सोडतो, मग बघू कोर्ट कुठून पोटगी काढतं." तेव्हा मला काही बोलवेना. रात्रभर ते डोक्यातून गेलं नाही, म्हणून लिहायला बसलो.

तुझा राग मला कळतो. नऊ वर्षांचा संसार कोर्टाच्या पायरीवर गेला की माणूस सैरभैर होतोच. पण तू जे करायला निघाला आहेस, ते माझ्या ताईच्या वाट्याला आलेलं मी घरात बसून पाहिलंय.

ताई माहेरी आली तेव्हा भाचा पहिलीत होता. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २४ खाली तिने अंतरिम पोटगीचा अर्ज टाकला. नोटीस बजावल्यापासून शक्यतो ६० दिवसांत असा अर्ज निकाली काढावा, असं त्याच कलमात लिहिलंय. ताईला दीड वर्ष लागलं. भावोजी दर तारखेला मुदत मागायचे. कधी वकील आलेले नसत, कधी 'से', म्हणजे अर्जावरचं लेखी उत्तर, तयार नसे. त्या दिवसांत ताईची खर्चाची एक वही होती. दूध, रिक्षा, खोकल्याचं औषध, सगळं त्यात. एका पानावर 'बूट' लिहून खोडलेलं, पुढच्या महिन्यात पुन्हा 'बूट', पुन्हा खोडलेलं. असं चार महिने. आबांच्या पेन्शनीत ते बसतच नव्हतं. ते पान अजून माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाही.

तू विचारतोस, चूक बायकोची, मग मी का देऊ? अरे, चूक कुणाची हे साक्षीपुराव्यानंतर ठरेल. अंतरिम पोटगी हा त्याचा निकाल नव्हे. दावा चालू आहे तोवर ज्याच्याकडे पुरेसं स्वतंत्र उत्पन्न नाही त्याचं पोट चालावं आणि दाव्याचा खर्च निघावा, एवढ्यासाठी ती आहे. तू बेरोजगार असतास आणि वहिनी कमावत्या असत्या, तर याच कलमाखाली तूही अर्ज करू शकला असतास.

नोकरी सोडून काही साधणार नाही. कोर्ट फक्त हातात येणारा पगार बघत नाही, कमावण्याची कुवतही बघतं. धडधाकट, शिकलेला माणूस ऐन दाव्याच्या वेळी राजीनामा देतो, याचा अर्थ न्यायाधीशांना सांगावा लागत नाही. सर्वोच्च न्यायालयाचा २०२० चा रजनेश विरुद्ध नेहा हा निकाल तुझ्या वकिलांना विचार. प्रकरण नागपूर खंडपीठातून वर गेलेलं. अर्ज २०१३ चा, आणि सात वर्षांनंतरही वाद अंतरिम पोटगीचाच! त्यात न्यायालयाने ठरवून दिलं की दोघांनीही उत्पन्न, मालमत्ता, कर्ज, खर्च यांचं शपथपत्र द्यायचं, आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून मोजायची. म्हणजे तू जितक्या तारखा घेशील तितकी थकबाकी तुझ्याच डोक्यावर चढेल. खोटं शपथपत्र पकडलं गेलं तर फौजदारी कारवाई वेगळी.

आणि हेही ऐक. वहिनी शिकवण्यांतून काही कमावत असतील तर ते त्यांच्या शपथपत्रात यायलाच हवं. त्यांनी घरगुती हिंसाचाराच्या कायद्याखालीही पोटगी मागितली, तर एका ठिकाणी मिळालेली रक्कम दुसऱ्या ठिकाणी सांगावी लागते आणि ती हिशेबात धरली जाते. तुझं खरं ओझं, म्हणजे आईचं डायलिसिस, तेही मांड. लपवाछपवी केलीस तर तेही कुणी खरं मानणार नाही.

ओवीच्या शाळेची फी मात्र आदेशाची वाट न बघता भर. पावती जपून ठेव.

रविवारी सकाळी मी येतो. सहा महिन्यांच्या पगाराच्या स्लिपा, बँकेचं स्टेटमेंट, तीन वर्षांचे आयकर रिटर्न आणि आईची बिलं काढून ठेव. शपथपत्र आपण दोघं बसून भरू. राजीनाम्याचं पत्र टाइप केलं असशील तर आजच फाडून टाक.

तुझा,
अनंता